निशिगंधाच्या हातची चावी

मी चावी बोलतेय. कपाटाची असते तशी चिमुकली नव्हे, पाण्याची. माणसाच्या छातीला लागेल एवढी उंच, वर आडवा दांडा, खाली चौकोनी तोंड. रस्त्यातल्या चेंबरचं झाकण काढायचं, मला आत उतरवायचं आणि पिळायचं, की आळीतल्या नळांना पाणी येतं. नळाचं कौतुक सगळ्यांना; मला कोण विचारतं?

शहाडजवळच्या एका वर्कशॉपमध्ये माझं वेल्डिंग झालं आणि पालिकेच्या भांडारातून मी देवेशच्या हाती आले. देवेश इथल्याच गावचा. बापजाद्यांची शेती बिल्डरकडे गेली, त्यातून आलेलं लग्नांत आणि गाड्यांत उडालं. राहिली ती ही पाणीखात्यातली चावीवाल्याची नोकरी. माणूस फटकळ, पण कामाला चोख. काम झालं की मला घरी नेऊन दाराआड उभी करायचा. त्याची आई सखुबाई दसऱ्याला मला हळदकुंकू वाहायची. एरवी मला चिखलातून ओढत नेणारी माणसं त्या दिवशी पाया पडायची, याची मला गंमत वाटे.

मग देवेश आजारी पडला. पाय सुजले, चार पावलं चालला तरी धाप लागायची. रजा केव्हाच संपल्या होत्या. पगार थांबला असता तर घरात चूल पेटली नसती. मुकादम कमलेश त्याचा लहानपणचा दोस्त. तो घरी येऊन देवेशच्या बायकोला, निशिगंधाला म्हणाला, "वहिनी, हजेरीचं मी बघतो. पाणी तेवढं बंद पडायला नको. तक्रार गेली ना, तर मी पण मेलो."

तेव्हा निशिगंधाने मला उचललं. पहिल्या दिवशी मी जागची हलेना. तिचे तळवे सोलून निघाले. दुसऱ्या दिवशी तिने माझ्या दांड्याला जुन्या साडीची चिंधी गुंडाळली. देवेश खाटेवरून शिकवायचा, "झटका नको देऊ गं, अंगाचा भार टाक." दिवाळीपासून होळीपर्यंत तिने पाणी सोडलं. अख्खी आळी बघत होती, पण हंडे भरतायत म्हटल्यावर तोंड कोण उघडणार? खरं सांगते, तिच्या हातात मला बरं वाटायचं. देवेश रागाच्या भरात मला हिसडे द्यायचा, तिने कधी दिले नाहीत.

होळीनंतर देवेश गेला.

निशिगंधाने पेन्शनसाठी अर्ज केला आणि त्याच्या जागी नोकरीसाठीही. नवरा नोकरीत असताना गेला की बायकोचा तो हक्क असतो. मला जमा करायचं होतं म्हणून ती त्या दिवशी मलाही ऑफिसात घेऊन गेली. साहेब माणूस वाईट नव्हता. सहज म्हणाला, "बाई, जागा चावीवाल्याची आहे. तुम्हाला जमेल का हे?"

"जमतं ना साहेब! हे पडलेले तेव्हा मीच तर पाणी सोडत होते. आळीत कोणाला पण विचारा."

केवढ्या अभिमानाने बोलली बिचारी! तिला वाटलं, अनुभव आहे म्हटल्यावर नोकरी पक्की. साहेबांचा चेहरा बदलला. "म्हणजे देवेशची हजेरी खोटी?"

झालं, हात दाखवून अवलक्षण. पेन्शनची फाइल अडकली, दिलेला पगार वसूल करायची भाषा सुरू झाली. कमलेशवर चौकशी लागली. मला पुरावा म्हणून ठेवून घेतलं.

चौकशीच्या दिवशी मला बाहेर व्हरांड्यात भिंतीला टेकवलं होतं. शेजारच्या बाकावर निशिगंधा, सखुबाई आणि कमलेश.

"वहिनी, आत एकच सांगा," कमलेश म्हणाला, "की तुम्ही खोटं बोललात. देवेशच कामावर येत होता. पेन्शन सुटेल, मी पण सुटेन."

"आणि नोकरी?"

"ती विसरा आता."

"म्हणजे मी केलं ते केलंच नाय म्हणू?"

सखुबाईने तिच्या गुडघ्यावर हात ठेवला. "पोरी, खरं बोलून पोट भरतंय काय गो? घरात जागृती हाय. तिची शाळा हाय."

लेकीचं नाव निघाल्यावर निशिगंधाने पदर खोचला आणि ती उठली.

आत मला टेबलावर आडवं ठेवलं. साहेबांनी विचारलं, "ही चावी तुम्ही कधी चालवलीत?"

तिने माझ्याकडे पाहिलं. दांड्यावर अजून तिचीच चिंधी होती.

"नाय साहेब. बायकांचं काम हाय का ते? नोकरी मिळेल म्हणून खोटं बोलले."

साहेबांनी ते लिहून घेतलं. फाइल त्यांनाही मिटवायचीच होती. सगळे माझ्याकडे बघत होते. तिच्या तळव्यांवरचे घट्टे कोणीही बघितले नाहीत. जे हक्काचं होतं तेच मिळवायला त्या बाईला स्वतःला खोटं पाडावं लागलं. माझ्या लोखंडी अंगाला तेव्हा जे झालं ते मला सांगता येत नाही.

पेन्शन सुरू झाली. मी आता ठेकेदाराच्या माणसाच्या हातात आहे. तो हिसडे देतो. निशिगंधाच्या दारासमोरच चेंबर आहे. आम्ही आलो की ती हंडा नळाखाली लावते आणि पाठ फिरवून उभी राहते. तिला वाटतं, मी रागावलेय.

अगं बाई, मी कशाला रागावू? तू पाणी सोडलंस, मला ठाऊक आहे. एकदा तरी माझ्याकडे बघ.