घोरपडीचा डावा हात

नदीत उतरण्याआधी घोरपड डावा हात मांडीशी नेते, दोन बोटांनी काहीतरी उचलते आणि मगच पाय टाकते. तिथे उचलण्यासारखं काहीच नाही. मी तो तुकडा एकेक फ्रेम थांबवून पाहिला होता.

चित्रपट १९६१ सालचा. पुण्यावर चालून आलेली शंभर फुटी घोरपड म्हणजे रबरी पोशाखातलं माणूस. २००४ साली कोथरूडच्या आमच्या स्टुडिओत ती संगणकावर नव्याने घडत होती.

"जुनी चूक आहे, सृष्टी. काढून टाक," दिग्दर्शक सलिल म्हणाला.

त्या पोशाखातले श्यामराव आज चाल दाखवायला आले होते. नव्या चित्रपटात पहिलं नाव त्यांचंच येणार होतं. संगणकाला हालचाल टिपता यावी म्हणून अंगाला पांढरे ठिपके चिकटवून ते कॅमेऱ्यांसमोर चालले. खडूने आखलेल्या नदीत तीनदा उतरले. हात एकदाही मांडीशी गेला नाही. सवय मंदावते हे मान्य, पण इतकी पुसली जाते?

"पोशाखाच्या आतून दिसायचं कुठून?" मी विचारलं.

"डोळ्यांतून. आणखी कुठून?"

डोळ्यांत तर दिवे होते. पडद्यावर ते चक्क लुकलुकतात.

"गळ्यातल्या भोकातून," कोपऱ्यातून त्यांच्या पत्नी उल्काताई पुटपुटल्या.

"तू गप्प बस. माझं औषध दे."

त्या उठल्या. जमिनीवरच्या वायरी ओलांडताना त्यांनी डाव्या हाताच्या दोन बोटांनी निऱ्या उचलल्या.

साडीतली कोणीही हे करेल. एवढ्याने काही सिद्ध होत नाही.

"काकू, तुम्ही चालून बघता? नुसती चाचणी."

"अहो, तिचे गुडघे दुखतात," श्यामराव घाईने म्हणाले.

"तेव्हाही माझेच दुखायचे."

माझी ट्रॅकपँट घालून, ठिपके लावून त्या चालल्या. खडूच्या रेषेशी थबकल्या. डावा हात मांडीशी गेला आणि दोन बोटांनी नसलेल्या निऱ्या उचलल्या. जुना तुकडा मी पडद्यावर त्यांच्या चालीवर ठेवून पाहिला. हात हातावर बसला.

"पोशाख मला होत नव्हता," श्यामराव म्हणाले. "आणि तिच्या वडिलांना कळलं असतं तर..."

"ते जाऊन तीस वर्षं झाली," उल्काताई म्हणाल्या. "घोरपड मीच, अशा नंतरच्या मुलाखती कोणाला घाबरून दिल्यात?"

सलिलने संगणकावर चित्रपटाच्या नावांची पाटी उघडली. "आडनाव माहेरचं लिहू की सासरचं?"

"नुसतं उल्का लिहा. घोरपडीला कसलं आडनाव? आणि तो हात काढू नका."

"आणि माझं नाव?" श्यामरावांनी विचारलं.

"बघू," त्या म्हणाल्या, आणि मला तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला.