कुदळबाईंचं सातवं प्रकरण

माझ्या मावशीला तिचे विद्यार्थी पाठीमागे ‘कुदळ’ म्हणत. तिला ते कळलं तेव्हा ती म्हणाली, "बरं झालं, निदान उपयोगाचं हत्यार निवडलंत." आणि त्या दिवसापासून तिने सहीखाली एक छोटीशी कुदळ काढायला सुरुवात केली.

मावशीचं काम म्हणजे दोन-अडीच हजार वर्षांपूर्वीची शहरं उकरून काढायची. संगमरवरी खांब, चित्रं काढलेली काळी-तांबडी भांडी, तेलाचे दिवे, असला तो जमाना. पण ती गाजली तोंडामुळे. पहिल्याच नोकरीत संग्रहालयाच्या संचालकांनी नव्याने घेतलेला देवीचा पुतळा सगळ्यांना अभिमानाने दाखवला. मावशीने त्याला एक चक्कर मारली आणि चारचौघांत म्हणाली, "कानामागे विजेच्या यंत्राने घासल्याच्या रेघा आहेत. ही बाई माझ्याहून लहान असणार." पुतळा नकली निघाला, पण त्याच्याआधी मावशीची नोकरी गेली. मग तिने पुस्तकं लिहिली. ती हातोहात खपली, कारण त्यांत मेलेल्या राजांपेक्षा जिवंत प्राध्यापकांची हजेरी जास्त घेतलेली असायची. भीड भिकेची बहीण, हे तिचं ब्रीद.

अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी ती आत्मचरित्र लिहायला बसली. मी तिची एकुलती एक भाची, म्हणून टाइप करणं, गाडी चालवणं आणि तिचा चष्मा शोधणं ही तिन्ही खाती माझ्याकडे.

सातवं प्रकरण तिचं लाडकं. त्यात दिवेवाला होता. दिवेवाला म्हणजे तिचा कॉलेजपासूनचा सोबती. मातीच्या दिव्याचा नुसता काठ चाचपून तो त्याचं वय सांगायचा. दोघांनी मिळून एक मोठा सभामंडप खणला. दिवेवाला म्हणाला, मंडप फार जुना आहे. मावशी म्हणाली, छे, दोनशे वर्षांनी अलीकडचा आहे. तिच्या हातात पुरावा होता: मंडपाच्या फरशीखाली निघालेलं एक खापर. त्यावर एक हरीण रंगवलेलं होतं, खापर फुटल्यामुळे मागचा पाय गेलेलं, आणि त्या धाटणीची हरणं कुंभार फार उशिरा रंगवायला लागले. अखंड फरशीखाली जी वस्तू सापडते तिच्यानंतरच ती फरशी बसवलेली असते, हे शेंबडं पोरही सांगेल. मावशीने ते लंगडं हरीण पहिल्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर छापलं आणि आत लिहिलं, "या गृहस्थांना दिवे कळतात, उजेड कळत नाही." सगळा देश हसला. दिवेवाला खोदकाम सोडून शाळेत भूगोल शिकवायला लागला.

नव्या पुस्तकाला तरुणपणीचा फोटो हवा होता म्हणून मी माळ्यावरची खोकी उतरवली. एका खोक्याच्या तळाशी न उघडलेला लिफाफा सापडला. मी उघडला. आत असा झकास फोटो, की मी शिट्टीच वाजवली. खोदकामाच्या जागेवर टेबलाशी बसलेली मावशी खदखदा हसतेय. हातात पाटी, पाटीवर खडूने तारीख: बारा. मागे पेन्सिलने दोनच शब्द होते, "नीट बघ."

"मावशी, हाच घ्यायचा! आणि बघ ना, तुझं हरीणही आलंय फोटोत."

"कुठलं हरीण?"

तिने भिंग घेतलं. टेबलावर धुतलेली खापरं जाळीच्या ट्रेमध्ये वाळत होती. प्रत्येक ट्रेची एक चिठ्ठी असते, कुठल्या थरातून काय निघालं त्याची. मावशीच्या पुढ्यातल्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा वाऱ्याने उडू नये म्हणून त्यावर वजन ठेवलं होतं. ते वजन म्हणजे लंगडं हरीण.

मावशीने भिंग खाली ठेवलं. "फरशी आम्ही त्याच महिन्यात पंधराला फोडली," ती म्हणाली.

मला समजायला थोडा वेळ लागला. फरशीखालचं हरीण फरशी फोडायच्या तीन दिवस आधी टेबलावर काय करत होतं? ते वरच्याच कुठल्यातरी थरातून निघालं होतं. चिठ्ठ्यांवर वजन म्हणून या ट्रेवरून त्या ट्रेवर फिरलं असणार, आणि पंधरा तारखेला संध्याकाळी फरशीखालच्या खापरांबरोबर पिशवीत गेलं.

"चिठ्ठीवर दगड ठेवा, खापर ठेवू नका," मावशी पुटपुटली. हा तिचाच नियम. तो मोडला म्हणून एका विद्यार्थिनीला तिने रडवून घरी पाठवलं होतं.

दोन दिवस ती कुणावरही खेकसली नाही. मला भीतीच वाटायला लागली. प्रकाशकाला फोन केला तर तो म्हणाला, "ताई, फोटो परत खोक्यात टाका. सातवं प्रकरण गेलं तर पुस्तकात राहिलं काय? बाईंचं सगळं नाव त्या हरणावर उभं आहे." खोटं कशाला बोलू, मलाही पटलं. मी फोटो उचलून खोक्यापर्यंत गेलेही.

"गाडी काढ," मावशी दारात चप्पल घालून उभी होती. "आणि तो फोटो दे इकडे."

दिवेवाल्याचं घर दुसऱ्या मजल्यावर होतं. दोन खोल्या, भिंतीवर नकाशे, खिडकीत दिवा एकही नाही. त्याने दार उघडलं, मावशीच्या हातातला फोटो पाहिला.

"पोचला म्हणायचा," तो म्हणाला. "चाळीस वर्षं लागली. टपालखातं सुधारलंय."

"मी लिफाफा उघडलाच नव्हता. तुझं अक्षर पाहिलं, म्हटलं रडगाणं असेल."

"फोटो मीच काढला होता. रीळ कॅमेऱ्यातच पडून राहिलं; धुवून आलं तेव्हा तुझं पुस्तक छापून झालं होतं."

"मग मासिकात का नाही छापलास? मला उघडं पाडायचं होतंस! मी असते तर एका दिवसात पाडलं असतं."

"माहितीये. पण मला वाटलं, तू स्वतःच सांगशील." तो खुर्चीत बसला. "खरं बोलण्याबद्दल तुझीच ख्याती होती ना. वर्षभर रोज टपालाची वाट पाहिली. मग भूगोल आवडायला लागला."

मावशी उभीच राहिली. मला तिचा राग आला होता आणि तिची कीवही येत होती.

"चुकलं माझं," ती म्हणाली. "फार चुकलं. तुझं सगळं काम गेलं त्यात."

"गेलंच," तो म्हणाला. "आता बस. चहा घेणार असशील तर साखर तुझी तू घाल. राग गेलेला नाही माझा."

त्यांनी चार तास भांडण केलं. म्हणजे तो बोलला आणि ती ऐकत होती. मध्ये दोनदा तिने तोंड उघडलं आणि आपणहून मिटलं. परतताना गाडीत म्हणाली, "मंडप त्याच्या म्हणण्याहूनही जुना असेल असं वाटतंय मला. पण हे मी त्याला आज सांगितलं नाही. उद्या फोन करते."

सातवं प्रकरण तिने पुन्हा लिहिलं. त्यात तिने स्वतःची जी सालटी काढली, ती वाचून प्रकाशकाने कपाळाला हात लावला. मग त्याला एक पळवाट सुचली. "बाई, निदान मुखपृष्ठाचा फोटो जरा कापू. ते टेबल नको. नुसता तुमचा हसरा चेहरा घेऊ."

"काप की," मावशी म्हणाली. "चेहरा काप. टेबल राहू दे."

पुस्तक तसंच निघालं. मुखपृष्ठावर चिठ्ठ्यांचा गठ्ठा आहे, त्यावर लंगडं हरीण आहे, आणि कडेला बारा तारखेची पाटी धरलेला माझ्या मावशीचा हात आहे.