पाचवी फेरी

एकच विनोद पुन्हा पुन्हा आला की मोठा होत जातो, हे आम्हा श्कोडर शहरातल्या नटांना कुणी शिकवावं लागत नाही. पहिल्या फेरीला लोक बघतात, दुसरीला ओळखतात, तिसरीला वाट बघतात, चौथीला पोट धरून हसतात. पाचवीला मात्र काहीतरी बदलायलाच हवं, नाहीतर तोंडघशी पडलात म्हणून समजा.

त्या प्रयोगात मी दुकानदार होतो आणि पाश्क गिऱ्हाईक. दर दोन गाण्यांच्या मध्ये तो यायचा. "बल्ब आला?" "नाही अजून." की चालला परत. मंजुरीच्या सरकारी समितीने संहिता वाचली आणि शिक्का मारून मोकळी झाली. कागदावर त्यात होतं तरी काय!

मेणबत्ती कागदावर नव्हती. ती माझी अक्कल. "पेटती मेणबत्ती घेऊन ये लेका," मी तालमीत पाश्कला म्हटलं, "आणि दर फेरीला आखूड."

"कोला, तू मला आत घालणार," तो म्हणाला, आणि हसत हसत सुरीने मेणबत्त्या कापायला बसला.

चौथ्या फेरीला तो बोटभर तुकडा घेऊन आला तेव्हा सगळं थिएटर हसून लोळायचं बाकी होतं. पाचवीला त्याने तोंड उघडायच्या आत मीच ओरडलो, "नाही आला!" त्या हिवाळ्यात घरोघरी अंधार होता, लोक हसणार नाहीत तर काय करतील? पहिल्या रांगेतले दोघे तेवढे हसले नाहीत.

आठवड्याने मला चौकशीला बोलावलं. अधिकारी सभ्य होता, कॉफीसुद्धा दिली. "मेणबत्तीची कल्पना कुणाची?" एकच प्रश्न, त्याच आवाजात, पुन्हा पुन्हा. तीन वेळा मी गप्प बसलो. चौथ्यांदा म्हणालो, "पाश्कची."

त्याला दहा वर्षांची शिक्षा झाली, डोंगरातल्या खाणीत. त्याने माझं नाव घेतलं नाही. घेतलं असतं, तर मी आज इथे बसून शहाणपण शिकवत नसतो.

मी अजून रंगमंचावर होतो, म्हणजे माझी वर ओळख असणार, असं त्याच्या बायकोला वाटलं. भेटीच्या परवानगीसाठी द्रांदे माझ्याकडे आली. "मी अर्ज देतो, वहिनी," मी म्हणालो. दिला नाही. हिंमतच झाली नाही.

दर महिन्याच्या पहिल्या रविवारी ती यायची. दारातच विचारायची, "कोलाभाऊ, परवानगी आली?"

"नाही अजून, वहिनी."

तिच्या हातात पाश्कसाठी विणायला घेतलेला स्वेटर असे. पहिल्यांदा नुसती किनार होती. दुसऱ्यांदा तो छातीपर्यंत आला होता. तिसऱ्यांदा एक बाही झाली होती, चौथ्यांदा दोन्ही. मला झोप लागेनाशी झाली. पुढच्या वेळी खरं सांगून टाकायचं, असं मी दर वेळी ठरवत होतो.

पाचव्या रविवारी दार वाजलं. मी उघडलं, आणि तिने तोंड उघडायच्या आत, सवयीने, अगदी त्याच सुरात, माझ्या तोंडून निघून गेलं, "नाही आली!"

"कागद आला," द्रांदे म्हणाली. "खाणीत दरड कोसळली. पुरूनही टाकलं त्यांनी."

तिने घडी केलेला स्वेटर माझ्या हातात दिला.

"तुमचं अंग त्यांच्याएवढंच आहे," ती म्हणाली. "एकटे तुम्हीच आमच्यासाठी धावलात, भाऊ. घाला. बाहेर थंडी आहे."

ती बघत उभी राहिली, म्हणून मी तो तिच्यासमोरच घातला. बाह्यासुद्धा बरोबर बसल्या.