कय्यूमभाईंच्या खिशातला परवाना

मित्रांनो, मी वाहन चालवण्याचा एक जुना परवाना आहे. आताच्यासारखं चकचकीत कार्ड नव्हे. राखाडी पुठ्ठ्याचं छोटं पुस्तक. बुलडाण्याच्या कचेरीत एका बाईंनी निळ्या शाईनं माझ्यावर नाव लिहिलं: शेख कय्यूम, देऊळघाट. त्या दिवसापासून मी कय्यूमभाईंच्या शर्टाच्या खिशात राहिलो.

आधी टेम्पो, मग शाळेची व्हॅन. नाक्यावर पोलीस माझं पहिलं पान बघायचे आणि "जा चाचा" म्हणायचे. मुदत वाढवल्याचे शिक्के मात्र मागच्या पानांवर होते, आणि ती पानं घामानं एकमेकांना चिकटली होती. करोनात "सरकारनं साऱ्यांची मुदत वाढवली" असं कय्यूमभाईंनी स्टँडवर ऐकलं. झालं, ते निर्धास्त झाले. माझी खरी तारीख मला ठाऊक होती, पण मी सांगणार कसा?

यंदा शाळेनं चालकांकडून परवान्याच्या ऑनलाइन नोंदीचा कागद मागितला. सकाळी व्हॅननं शाळेत जाणारी मधुवंती आत बसली, तेव्हा कय्यूमभाईंनी मला तिच्या आईच्या हातात दिलं.

"गार्गीताई, माह्यं रेकॉर्ड काढून द्या ना मोबाईलवर. मले नाही जमून राह्यलं."

ताईंनी माझा नंबर टाकला. "जन्मतारीख?"

"एक जून. आमच्या वर्गातले सारेच एक जूनचे. मास्तरनं एकाच दिवशी पैदा केले आम्हाले!"

ताई हसल्या. नोंद उघडली. गुन्हा एकही नव्हता.

"पाहा, हाये का एकही गुन्हा?" कय्यूमभाई म्हणाले.

ताईंचा अंगठा स्क्रीनवरच थांबला. "कय्यूमभाई, मुदत संपलीये. चार वर्षं झाली."

"काहीतरीच! वाढली ना थे." त्यांनी नखानं माझी पानं सोडवली. शेवटच्या शिक्क्यावर तीच तारीख होती.

मागून पोरं ओरडली, "चाचा, चला नं, उशीर होऊन राह्यला!"

"आजच्यापुरतं सोडून येऊ का, ताई?"

ताई मधुवंतीकडे बघत राहिल्या. दोन वर्षं त्या रोज तिला व्हॅनमध्ये बसवून, हात हलवून घरात जात होत्या; परवाना बघायला एकदाही मागितला नव्हता.

कय्यूमभाईंनी गाडी बंद केली. "उतरा बे सारे. आज पायी जाऊ."

सात दप्तरं कय्यूमभाईंनी आणि ताईंनी वाटून घेतली. शाळेत कय्यूमभाईंनी स्वतःच सगळं सांगितलं.

आता पंचवीस वर्षं गाडी चालवलेला हा माणूस शिकाऊ परवान्याच्या रांगेत उभा राहतो. व्हॅन दुसरं कुणी चालवतं. मी कपाटात, रेशनकार्डाखाली आहे. वाईट वाटतं का? खरं सांगू, काहीच वाटत नाही.

फक्त एवढं करा, मित्रांनो. वर्षातून एकदा आईला, बाबांना आणि तुमच्या व्हॅनच्या काकांनाही त्यांची नोंद उघडून बघायला सांगा. तारीख मोठ्यानं वाचा. ते रागावतील असं वाटून गप्प राहू नका. कय्यूमभाई रागावले नव्हते.