अकरा सेकंदांचा हात

माझा भाऊ बावीस वर्षं माहितीपट काढतोय. गटारात उतरणारे, दगड फोडणारे, कुणी म्हणून सोडलं नाही. लोकांनी त्याला डोक्यावर घेतलंय. मी त्याची धाकटी बहीण, त्याच्या फिल्म्सची संकलक, त्यामुळे सगळ्यांच्या आधी मीच घेतला होता. पण स्पष्टच सांगते, त्या दिवशी त्याच्या कानाखाली वाजवावीशी वाटली.

गेल्या वर्षी आम्ही रंगाच्या कारखान्यावर फिल्म केली. भुकटी छातीत जाऊन माणसं खोकून खोकून झिजतात आणि मालक हात वर करतो. आपली जाहिरातच होतेय असं समजून त्यानं तीन महिने आत येऊ दिलं. खरं बोलायला एकच बाई तयार झाली. तिला आम्ही मावशी म्हणायचो. तिची अट एकच, आपण ओळखू येता कामा नये. घरात कमावणारी ती एकटी. दादानं शब्द दिला. चेहरा काळोखात ठेवला, आवाज बदलला. पण बोलताना तिचा हात मांडीवर चाळवत होता, मनगटापर्यंत निळा, अंगठ्याचं नख दुभंगलेलं. दादा म्हणाला, फिल्मचा जीव यातच आहे. मी तो हात अकरा सेकंद ठेवला. मलाही आवडला होता, खोटं कशाला बोलू?

आमची एक रीत होती. फिल्म ज्याच्यावर, त्याच्या घरी जाऊन त्याला लॅपटॉपवर आधी दाखवायची, मग जगाला. या खेपेला महोत्सवाची तारीख डोक्यावर आली होती. दादा म्हणाला, चेहरा दिसतोय कुठे, दाखवून काय करायचंय?

फिल्मला बक्षीस मिळालं. परीक्षकांनी त्या हाताचं तोंडभरून कौतुक केलं. आठवड्याभरात मावशीला कामावरून काढलं.

ऐकून दादा मटकन खाली बसेल असं वाटलं होतं. छे! तो कॅमेऱ्याची बॅग भरायला लागला. म्हणे, दुसरा भाग यातूनच होईल. मी तोंडाला येईल ते बोलले. तो ऐकत राहिला आणि चार्जर शोधत राहिला. मी सोबत गेले ती माफी मागायला.

मावशीनं आत घेतलं, पाणी दिलं. दादा पुन्हा पुन्हा विचारत होता, चेहरा तर कुठेच नव्हता, मग कळलं कसं? त्याच्या आवाजात चक्क तक्रार होती.

"आम्ही दिवसभर डोळ्यांखाली फडकं बांधून असतो," मावशी म्हणाली. "तुम्ही तीन महिने बघत होतात ना? मुकादमानं सहा वर्षांत माझं तोंड पाहिलेलं नाही. तो हातावरूनच ओळखतो."

ती फडकी मी पडद्यावर तासन्‌तास पाहिली होती. मेलं माझं डोकं कुठे चरायला गेलं होतं!

दादानं कॅमेऱ्याची बॅग पुढ्यात ओढली. मग हळूच म्हणाला, हेच एकदा कॅमेऱ्यासमोर सांगाल का?

तिनं निळा हात पाठीमागे घेतला आणि मान वर केली. "घ्या. आता तोंड घ्या. त्याला कोण ओळखतंय?"

आणि माझ्या भावानं, काडीची लाज नसल्यासारखं, खरंच फोकस लावायला घेतला. मी पुढे होऊन कॅमेऱ्याची बॅटरी उपसून काढली. तीन आठवडे झाले, तो रोज फोन करून बॅटरी मागतो. मावशीचं काय झालं, हे अजून एकदाही विचारलेलं नाही.