ऊ आणि गी यांच्यामधला श्वास

वाटी खणकन फरशीवर पडली, गोल गोल फिरली, आणि आता थांबेल असं वाटत असतानाच आणखी एक गिरकी घेऊन गप्प झाली.

सांजपाठाआधी घरात कुणी चकार शब्द काढायचा नाही, असा नियम होता. उंबऱ्याशी डोळे मिटून बसलेल्या सुनेने एक डोळा किलकिला केला. टेबलाखाली तिच्या लेकीचे, भिंगरीचे, दोन मळके पाय दिसत होते.

"ही भिंगरी शिंपीणकाकूंकडे होती ना?" सासूबाई पुटपुटल्या. पुटपुटण्याइतकाच आवाज आता त्यांच्याकडे उरला होता, आणि घोडं तिथेच तर अडलं होतं.

या गल्लीत दिवे म्हणजे दगड. घराघराच्या भिंतीत एकेक बसवलेला, दिवसा अगदी साधा करडा धोंडा. सांज झाली की या घराच्या उंबऱ्यातल्या मूळदगडावर तळहात टेकून पाठकरणीने पाठ म्हणायचा. मग ओळीमागून ओळ तसा दगडामागून दगड उजळत जायचा. पाठ कागदावर कधी उतरवला नव्हता. सासूबाईंनी तो त्यांच्या सासूच्या तोंडून घेतला, तिने तिच्या सासूच्या. आणि या हिवाळ्यात सासूबाईंचा घसा बसला तो उठलाच नाही.

तेव्हापासून गल्ली चाचपडत होती. खालच्या गल्लीची पाठकरीण गोड हसून म्हणाली होती, "मूळदगड आमच्याकडे द्या, मी दोन्ही गल्ल्या सांभाळते." आज दगड लागले नाहीत, तर सकाळी गवंडी पहार घेऊन उंबरा उकरायला येणार होता.

सुनेची मेहनत कमी नव्हती. भाजी चिरताना, लेकीची वेणी घालताना, बाकी घर झोपेत असताना तिने पाठ घोटला होता. जुन्या बोलीतला, अर्थ कुणालाच लागत नसलेला. पण शब्द न् शब्द चोख. अडायचं ते एकाच जागी. तिथे ओळ 'ऊ'वर संपायची, मग श्वास घ्यायचा, आणि पुढची ओळ 'गी'ने सुरू व्हायची. असं लागोपाठ तीनदा. तिचा 'ऊ' आला रे आला की सगळे दगड फडफडायचे आणि विझून जायचे.

तसे सासूबाईंच्या वेळीही ते तिथे लुकलुकायचे. पण त्यांचा आवाज असा खणखणीत, की विझायची दगडांची काय बिशाद! गल्लीलाही सवय झाली होती. "मारला, डोळा मारला!" म्हणत पोरं टाळ्या पिटायची.

"ऊ म्हणजे काय हो?" सुनेने एकदा विचारलं होतं.

"माझ्या सासूबाई म्हणायच्या, ऊ म्हणजे आभाळ आणि गी म्हणजे जमीन. त्यांच्या जाऊबाई म्हणायच्या, उलट. त्यावरून दोघी एकमेकींशी बोलेनाशा झाल्या. तू अर्थाच्या भानगडीत पडू नकोस, आवाज चढव."

पण तिचं डोकं त्या भानगडीतून निघायलाच तयार नव्हतं. बाकीची प्रत्येक ओळ कशी एका श्वासात पुरी होते. हीच का अशी मध्येच तुटलेली?

बाहेर उजेड ओसरला. शिंपीणकाकू, लोहार, त्याची पोरं, सगळे आपापल्या दारात येऊन उभे राहिले. सुनेने दगडावर हात टेकला आणि पाठ सुरू केला. पहिल्या ओळीला शिंपीणकाकूंचा दगड लागला. मग लोहाराचा. मग विहिरीवरचा. आता ती जागा आली. आवाज चढवायचा, चढवायचा...

"ऊ..."

धप्प! टेबलाखालून निघालेल्या भिंगरीचा पाय त्याच वाटीवर पडला, आणि पोर उंबऱ्याशी सपशेल आडवी. तिने असं भोकाड पसरलं की विचारू नका.

दगडावरचा हात उचलायची सोय नव्हती. सुनेने दुसऱ्या हाताने लेकीला मांडीत ओढलं. श्वास घ्यायचा राहूनच गेला. चढवलेला आवाज आपोआप खाली आला, पोरीच्या केसांत शिरला, आणि 'ऊ'ला 'गी' जाऊन चिकटली.

"ऊगी... ऊगी... ऊगी..."

आपण पाठ म्हणतोय की लेकीला निजवतोय, तिचं तिलाच कळेना. पण दगड फडफडले नाहीत. दुधावर साय धरावी तसा उजेड हळूहळू दाट होत गेला. पाठीवर थोपटता थोपटता तिने उरलेल्या ओळी म्हटल्या, आणि थोपटण्याचा ठेका त्यांना मापात शिवल्यासारखा बसला. गल्लीच्या पार टोकाचा दगड लागला.

"अगंबाई," शिंपीणकाकू दारातून ओरडल्या, "आज डोळा नाही मारला!"

"पोरं टाळ्यांसाठी हात वर करून तशीच उभी राहिली ना," लोहार कुरकुरला. मग दिव्यांकडे बघत म्हणाला, "जाऊ दे. त्या गवंड्याला मी सांगतो, येऊ नकोस म्हणून."

सासूबाई मात्र सुनेकडे रोखून बघत होत्या.

"श्वास गिळलास तू."

"हो."

"आवाज पाडलास."

"हो. सासूबाई, ते आभाळही नाही आणि जमीनही नाही. ते उगी आहे. आपलं रोजचं, उगी उगी. कुणीतरी पाठ म्हणत असणार आणि तिच्या मांडीवर मूल रडायला लागलं असणार. शिकणारीने जे कानावर पडलं ते सगळं उचललं. आणि मग पुढे कुणीतरी मध्ये श्वास घेतला. सगळी बोली बदलली, हा शब्द तेवढा तसाच राहिला."

सासूबाईंनी ओठांतल्या ओठांत म्हणून पाहिलं. एकदा तुटक, एकदा जोडून. त्यांचा चेहरा कसनुसा झाला.

"म्हणजे मी जन्मभर त्या बाळावर खेकसत होते?"

सुनेला हसू आवरेना. "बाळावर आणि अख्ख्या गल्लीवर."

"हसतेस काय! मग पाचव्या ओळीत तो 'हं' आहे, तो?"

"कुणाचा तरी खोकला?"

"खोकला असेल तर माझ्या सासूबाईंचाच." त्या उजळलेल्या दगडांकडे वळल्या. "पण मग हे लागतात कशाने गं? पाठाने की उगीने?"

"उद्या पुन्हा म्हणून बघू," सून म्हणाली. पहार येणार नव्हती. उद्या पाठ इथेच होणार होता.

भिंगरी अजून मांडीतच होती. अंगठा चोखत, दोघींच्या तोंडांकडे आळीपाळीने बघत. आजीने तिचा पाय ओढून फुंकर घातली, तसा तिने अंगठा तोंडातून काढला.

"आई, मग ते बाळ रडायचं थांबलं का?"