लवूची ती

"आज तुझ्या फोटोक शेवंतीचो हार होतो. काल झेंडू होतो," प्रेमाआत्या टीव्हीसमोरून म्हणाली. "तुझी बरदास्त ठेवतत हां."

रुचिरा मालिकेत नायकाची मेलेली पहिली बायको होती. काम म्हणजे फोटोतून भिंतीवर लटकून राहायचं. वडील देवगडचे लवू, आई लेस्टरची इंग्रज. त्यामुळे कास्टिंगवाल्यांना ती मराठी म्हणून फार गोरी आणि परदेशी म्हणून फार सावळी वाटे. मेल्यावर मात्र ती सगळ्यांना चालली.

"आत्या, रविवारी अंधेरीला माझं नाटक आहे. मीच लिहिलंय. त्यात एकटीच आहे मी."

"भितीर टांगलेली?"

"नाही गं, उभी."

"मगे येतलंय."

इथेच घोळ होता. नाटकाचा पूर्वार्ध मराठीत होता आणि उत्तरार्ध इंग्रजीत, वारलेल्या आईशी बोललेला. आत्याने भावजयीचं नाव आजवर तोंडातून काढलं नव्हतं. 'लवूची ती' एवढंच. लवूने लंडनहून लग्न कळवलं तेव्हा तिने फोन खाली ठेवला, तो विषयासकट. आत्याच्या मुलुंडच्या घरात कित्येक महिने राहूनही रुचिराला तिच्यासमोर आईबद्दल अवाक्षर बोलता आलं नव्हतं.

"इंग्लिश पार्ट उडव ना यार," हॉल चालवणारा हर्षद रविवारी प्रयोगाआधी म्हणाला. "आत्या पहिल्या रांगेत बसलीय. उठून गेली तर पब्लिकला वाटेल इंटरव्हल झाला."

"गेली तर गेली," रुचिरा म्हणाली, आणि पाण्याचा घोट घेताना अर्धं पाणी अंगावर सांडलं.

पूर्वार्धात आत्या मनापासून हसली. मग रुचिराने रिकाम्या खुर्चीकडे पाहून इंग्रजीत म्हटलं, "आई, तिकडे मी इथली, इथे मी तिकडची. कुठेतरी मला अख्खी घरची म्हणतील असं कर."

स्क्रिप्टमध्ये पुढे शांतता लिहिली होती.

"व्हय महाराजा," पहिल्या रांगेतून आवाज आला.

कोकणात देवापुढे गाऱ्हाणं घालताना एक जण मागत जातो आणि बाकीचे प्रत्येक मागणीला असा होकार भरतात. आत्याला शब्द कळले नव्हते, मागणं ओळखू आलं होतं. हात जोडून ती पुढच्या वाक्याची वाट पाहत होती.

लोक हसले. रुचिराने पुढचं वाक्य म्हटलं. "व्हय महाराजा." तिसऱ्या वाक्याला मागून दोन-तीन कोकणी आवाज मिसळले. चौथ्याला लाइटच्या टेबलावरून हर्षदही, जो घाटकोपरचा गुजराती.

परतताना रिक्षा पवईला पोचली.

"माका इंग्लिश कळणा नाय," आत्या म्हणाली. "पण तू देवाक सांगी होतंस मा?"

"देवाला नाही. आईला."

आत्या तिच्याकडे वळली.

"मगे गाऱ्हाणा अर्धाच रवला. नाव घेवचा लागता. काय नाव तिचा?"

"हेदर."

आत्याने ते हळूच म्हणून पाहिलं. मग पुन्हा, थोडं मोठ्याने. रिक्षावाल्याला 'इधर' ऐकू आलं; वाटलं, आपल्यालाच थांबायला सांगताहेत. त्याने रिक्षा हळू केली.